बर्फाकडच्या नटाची नक्कल

फजल सोलकरची नक्कल साधीसुधी नसायची. माणूस खोलीतून बाहेर पडला आणि फजलनं त्याची चाल धरली, की आत बसलेल्यांना वाटावं, काहीतरी विसरलं म्हणून गेलेला परत आला. राजापूरकडच्या गावात, मराठी शाळेत चौथीला असताना त्यानं गुरुजींचं नाक शिंकरणं करून दाखवलं होतं. गुरुजी नेमके मागे दारात. वर्ग चिडीचूप झाला. फजलला वाटलं, लोक थक्क झाले, म्हणून त्यानं आणखी एकदा, जरा लांबवून शिंकरलं. गुरुजींनी कान पिळला आणि त्याच कानाला धरून त्याला संमेलनाच्या नाटकात नेऊन उभा केला. तेव्हापासून त्या कानाला आपली वट आहे असं फजलला वाटत आलं.

आखातात, दोह्यात येऊन त्याला चोवीस वर्षं झाली. अल मुंतझामध्ये दोन खोल्यांचा फ्लॅट, बायको हजरा आणि अकरावीतली मुलगी नूरैन. नोकरी ड्रायव्हरची, पण कंपनी मजेशीर. वाळवंटात सिनेमाची शूटिंगं होतात, त्यांना तंबू, जनरेटर आणि गाड्या पुरवणारी. गाडीबरोबर कधी कधी फजललाही पुरवत. माणूस कमी पडला की त्याला पांढरा झगा घालून उभा करायचे. असे अकरा सिनेमे झाले, पण त्याचं तोंड एकाही सिनेमात दिसलं नाही. एकात पाठ, एकात हात, एकात तर तो वाळूत मरून पडलेला व्यापारी होता. त्या वेळी नाकावर माशी बसली. फजलनं श्वास कोंडला, डोळे मिटून अल्लाचं नाव घेतलं आणि शेवटी प्रेतानं अशी शिंक दिली की शेजारचा उंट उठून चालू लागला. उंट दीड तास सापडला नाही. ही गोष्ट फजल कुणालाही सांगायचा, आणि सांगताना उंट पण करायचा.

रत्नागिरी-रायगडकडची पन्नासेक कुटुंबं थंडीत एका शुक्रवारी हॉल घेऊन जमत. तांदळाच्या भाकऱ्या, सुरमईचं कालवण, सांदणं, आणि जेवणाआधी फजल. त्याचा तिथला मान ठरलेला होता. वर्षभरात आपल्यात जो नवा आला असेल, कुणाचा जावई, कुणाचा साहेब, त्याची नक्कल करायची. फजलनं नक्कल केली की माणूस आपला झाला. लग्न ठरलं की सासरे आधी त्याला फोन करत, "पोराची चाल बघून घे रे." एका वर्षी त्याचा ताप उतरेना म्हणून एका नव्या जावयाची नक्कल राहून गेली, तर सासुरवाडी रुसली. आमच्या पोरात काय कमी होतं, असं विचारायला माणूस घरी आला. फजलनं अंगावर चादर घेऊन खाटेवर बसल्या बसल्या जावई करून दाखवला, तेव्हा कुठे मिटलं.

या सगळ्यात त्याचं कधी चुकलं नव्हतं. ऐलोपर्यंत नव्हतं.

ऐलो हा नॉर्वेच्या पार उत्तर टोकाचा नट. तिकडे रेनडिअरचे कळप पाळणारा सामी म्हणून एक समाज आहे, त्यातला. वय त्रेसष्ट, बुटका, चेहऱ्यावर सुरकुत्यांचं जाळं आणि डोळे बारीक. झिक्रीतच्या खडकांकडे एका मोठ्या सिनेमाचं शूटिंग लागलं होतं. त्यात तो तांड्याचा म्हातारा वाटाड्या झाला होता. पाच आठवडे रोज पहाटे त्याला हॉटेलातून उचलायचं आणि संध्याकाळी आणून सोडायचं, हे फजलचं काम.

पहिल्याच दिवशी फजलनं मागचं दार उघडून धरलं. ऐलो वळसा घालून पुढे येऊन बसला. म्हणाला, "मागे बसलं की मला पोलिसांनी धरून नेल्यासारखं वाटतं." दोघांचंही इंग्रजी मोडकं होतं, त्यामुळे छान जमलं. चांगलं इंग्रजी बोलणाऱ्यापुढे फजलची जीभ जड व्हायची, इथे दोन लंगडे एकमेकांचा खांदा धरून चालले.

रोज जाता-येता तीन तास. तेवढ्यात ऐलोची सगळी कारकीर्द गाडीत सांगून झाली. पहिला सिनेमा केला तेव्हा तो बावीस वर्षांचा, वाक्य एकही नाही, लांडगा खाऊन टाकतो. पुढे तीस वर्षं दिग्दर्शकांनी त्याला बर्फात उभा केला आणि लांब बघायला सांगितलं. "मी शहाणा म्हातारा वयाच्या पस्तिसाव्या वर्षीच झालो," ऐलो म्हणाला. "बघत असायचो, तर लोकांना वाटायचं याला काहीतरी कळलंय. मी बघायचो जेवणाची गाडी आली का." मंगोल झाला, एस्किमो झाला, एकदा तिबेटी साधू झाला. स्वतःच्या भाषेत बोलायचं काम मिळायला पन्नाशी उलटली, आणि त्या दिवशी कॅमेऱ्यापुढे जीभच वळेना. पाच वेळा शॉट घ्यावा लागला. शाळेच्या वसतिगृहात असताना ती भाषा तोंडातून आली की पोरं हसायची, ते तोंडानं लक्षात ठेवलं होतं. आणि आता बर्फातला माणूस वाळूत वाटाड्या. "इथे रस्ता मला दाखवायचाय," तो म्हणायचा, "आणि रोज सकाळी मला तू घेऊन येतोस."

फजल हसून हसून स्टिअरिंगवर पडायचा. घरी येऊन हजराला सगळं जसंच्या तसं सांगायचा, ऐलोच्या आवाजात. हजरा भाकरी थापता थापता म्हणायची, "बस झाला, मना वाटतंय तो इथंच बसलाय."

सकाळी, शहर मागे पडलं आणि दोन्हीकडे नुसतं मोकळं माळरान लागलं, की ऐलो कधी कधी घशातल्या घशात काहीतरी म्हणायचा. शब्द नसल्यासारखं. वर चढायचं, मध्येच तुटायचं, पुन्हा खालून धरायचं, आणि शेवट असा नव्हताच, मध्येच थांबायचं. एकदा फजलनं विचारलं, "हे कुठलं?"

"मारेत," ऐलो म्हणाला.

फजलला वाटलं, गाण्याचं नाव. चौकशी संपली. पण त्याच्या कानानं ते उचललं होतं. संध्याकाळी एकट्यानं परत येताना तो ते करून बघू लागला. श्वास कुठे घ्यायचा ते सापडेना, चार दिवस लागले. सापडलं तेव्हा त्यानं गाडी कडेला घेतली, इतका खूश झाला.

संमेलन शूटिंग संपायच्या आधीच्या शुक्रवारी आलं. फजलनं ऐलोला घेऊन जायचं ठरवलं. मन्सूर परकार हे सगळं भरवणारा, बँकेत नोकरी, मदिनत खलीफाला राहायचा. तो फोनवर म्हणाला, "आण की. पण हिरोला तिखट चालंल काय?"

ऐलोला तिखट चाललं. कालवण दोनदा घेतलं, पोरांबरोबर फोटो काढले, हजराच्या हातचं सांदण खाऊन त्यानं विचारलं की हा ढग कशाचा करतात. सगळे त्याच्यावर लुब्ध. मग मन्सूरनं माईक घेतला, "आता फजलभाय." आणि फजल उभा राहिला.

आधी त्यानं ऐलोची चाल केली, वाळूत बर्फाचे बूट घातल्यासारखी. हॉल हसून कोसळला. ऐलो टेबलावर हात आपटून हसत होता. मग लांब बघणं, जेवणाची गाडी. ऐलोनं डोळे पुसले. हॉल हातात आलाय हे नकलाकाराला पायाच्या तळव्यांना कळतं. फजलला ते कळलं, आणि त्यानं मारेत सुरू केलं.

हुबेहूब केलं. चढला, तुटला, खालून धरलं. पण लोकांना हसवायचं होतं, म्हणून तुटायच्या जागी त्यानं जरा हेल काढला, बोकडासारखा. तिथे पोरं खाली पडून हसली. दुसऱ्यांदा त्यानं हेल जास्त काढला. तिसऱ्यांदा सगळा हॉल त्याच्याबरोबर हेल काढू लागला.

हजरा ऐलोच्या समोर बसली होती. त्यानं चमचा खाली ठेवलेला तिनं पाहिला. चमचा ताटाबाहेर ठेवला, सरळ केला, मग पुन्हा सरळ केला. फजलचं संपलं तेव्हा ऐलोनं टाळ्या वाजवल्या. सगळ्यांना वाकून अरबीत शुक्रन म्हणत आभार मानले.

परतताना हॉटेल आलं तेव्हा ऐलो म्हणाला, "चांगलं केलंस. श्वाससुद्धा बरोबर. तीच तर अडचण झाली." आणि उतरला. फजलला अर्धंच वाक्य ऐकायचं होतं, तेवढंच घेऊन तो घरी आला.

शनिवारी पहाटे ऐलो हॉटेलातून बाहेर आला, मागचं दार स्वतः उघडलं आणि मागे बसला.

वीस मिनिटं आरशात बघत फजलनं गाडी चालवली. मग त्याच्यानं राहवेना. "साहेब, काही चुकलं?" इतक्या दिवसांत तो साहेब पहिल्यांदाच म्हणाला.

ऐलोनं सावकाश सांगितलं. रागावून नाही, रागावला असता तर बरं झालं असतं. मारेत त्याची धाकटी बहीण. दोन वर्षांपूर्वी गेली. त्यांच्यात माणसाचं असं एक योइक असतं, तो गाडीत म्हणायचा तसा सूर, पण ते त्या माणसावर रचलेलं गाणं नसतं, ते म्हणजे तो माणूसच. म्हटलं की माणूस येऊन बसतो. "सकाळी या रस्त्यावर मी तिला बोलवायचो," तो म्हणाला. "तिनं वाळवंट कधी पाहिलं नव्हतं."

फजलनं काच खाली केली, मग धूळ आली म्हणून वर केली. बोकडाचा हेल त्याच्या घशात तसाच होता.

"मला माहीत नव्हतं," तो म्हणाला.

"नाही, कसं असणार," ऐलो म्हणाला. थोड्या वेळानं त्यानं विचारलं, "ते फोनमध्ये घेतलंय का कुणी?"

घेतलं होतं. मन्सूरनं घेतलं होतं, आणि रात्रीच सगळ्यांना पाठवलं होतं. फजल म्हणाला, "मी सगळं पुसायला लावतो. तुमचं विमान बुधवारी. त्याआधी एकाच्याही फोनमध्ये राहणार नाही. जबान देतो."



घरी नूरैनला सगळं आधीच कळलं होतं. सामी लोकांचं हे असलं गाणं म्हणजे काय, ते तिनं रात्रीच शोधून वाचलं होतं. तिला मराठी समजायची, पण उत्तर इंग्रजीत. अब्बा आत आल्या आल्या ती म्हणाली, "अब्बा, इट्स अ पर्सन." एवढंच. वर मान करून बघितलंही नाही. फजलला गुरुजींनी मारलं होतं, अरब मुदीरनं, म्हणजे मॅनेजरनं, शिव्या दिल्या होत्या, पण पोरीच्या त्या तीन शब्दांनी तो चप्पल पायात ठेवूनच भिंतीला टेकला.

हजरा म्हणाली, "चमचा ठेवला तेव्हाच मी तुमच्याकडं बघत होते. तुमी बघितला नाय."

"बघितला," फजल म्हणाला. ते खरं होतं. पहिल्या हेलानंतर त्याला ऐलोचा चेहरा दिसला होता. पण तेवढ्यात पोरं खाली पडली होती.

त्याच संध्याकाळी तो मन्सूरकडे मदिनत खलीफाला गेला. तिथे मेव्हणे आलेले, चहा चाललेला. फजल दारात दिसताच सगळे उठले. "या, या. आमी आत्ताच लावलं होतं." मोठ्या टीव्हीवर फजलचं तोंड थांबवून ठेवलेलं, वासलेलं. अकरा सिनेमांत आलं नाही ते तोंड.

फजल म्हणाला, "मन्सूरभाय, ते पुसून टाका. पाव्हण्याला आवडलं नाय."

"अरे टाळ्या वाजवल्या की त्यानं."

"वाजवल्या. पण पुसा."

मन्सूर मनानं चांगला. म्हणाला, "पुसतो ना. तू सांगतोस तर खलास. पण हे आमचे मेव्हणे कालच्याला नव्हते. यांच्यापुढं एकदा करून दाखव, मग तुझ्यासमोर पुसतो."

"नको."

"अरे पुसायचाच हाय ना? मग हे कशात बघणार? यल्ला, एकदाच."

आता इथे काय झालं ते सांगायला जड आहे, पण झालं ते झालं. मेव्हणे सरसावून बसले होते. मन्सूरचं बोट फोनवर तयार होतं. फजलनं स्वतःला सांगितलं, पुसलं जातंय, याच्यासाठी करतोय. आणि तो उभा राहिला, आणि केलं. हलकंच करायचं ठरवलं होतं. पण मेव्हण्यांतला एक हसला आणि फजलचा आवाज आपोआप चढला, आणि हेल आला. पूर्ण आला. सगळे हसले, मन्सूरनं शब्द पाळून पुसलं, आणि फजल खाली गाडीत येऊन बसला.

पुढच्या तीन दिवसांत, ड्यूटी सांभाळून, तो चौदा घरी गेला. कुणी पुसलं, कुणी हो म्हटलं. अबू हमूरला उल्का करमरकर राहत. मूळच्या पुण्याच्या, नवरा गॅस कंपनीत इंजिनिअर, मन्सूरच्या ओळखीनं संमेलनाला आलेल्या. त्यांनी त्याला सरबत दिलं आणि म्हणाल्या, "अहो सोलकर, इतकं काय मनाला लावून घेता? कलाच आहे ती. आमच्या अमेयनं तर रिंगटोन ठेवलीय." फजलनं मान खाली घातली. "तेच सांगायला आलोय, वहिनी. ती माणसाची गेलेली बहीण हाय." उल्काबाईंचा हात ट्रेवरच राहिला. अमेय, पंधरा वर्षांचा, फोन घेऊन आला आणि फजलच्या शेजारी बसून त्यानं एक-एक ठिकाण दाखवत सगळीकडून काढून टाकलं. मग हळूच म्हणाला, "काका, पण मी शाळेत पाठवलंय."

"किती जणांना?"

अमेयनं खांदे वर केले.

मंगळवारी रात्री हजरानं विचारलं, "झाला काय?" फजल म्हणाला, "झाड हलवून पाखरं मोजायला गेल्यासारखं झाला."

बुधवारी दुपारी विमानतळाकडे निघाले. ऐलो मागेच. कॉर्निशच्या, समुद्रकाठच्या रस्त्याच्या वळणावर सिग्नल लागला. मन्सूरकडचं सांगितलं नसतं तरी चाललं असतं, कारण त्या घरात ऐलो कधी जाणार नव्हता. पण फजलला ते पोटात ठेवून स्टिअरिंग धरता येईना.

"साहेब, सगळं पुसलं नाही गेलं," तो समोर बघत म्हणाला. "शाळेच्या पोरांत गेलंय. आणि अजून एक. पहिल्या घरी मी पुसायला गेलो होतो, तर त्यांनी करून दाखव म्हटलं." तो थांबला. "मी दाखवलं."

सिग्नल हिरवा झाला. मागच्या गाडीनं हॉर्न दिला.

"पूर्ण?" ऐलोनं विचारलं.

"पूर्ण."

बरंच अंतर गेल्यावर ऐलो बोलू लागला. कारकिर्दीतलं एवढं एक त्यानं पाच आठवड्यांत सांगितलं नव्हतं. लांडग्यानं खाल्ल्यानंतर दोन वर्षं काम नव्हतं. मग टीव्हीवर एक विनोदी माणूस केला, रंगीत अंगरखा घातलेला सामी दारुडा. सगळा देश हसला, पुढची सगळी कामं त्याच्यामुळेच मिळाली. "तो माझा मामा होता," ऐलो म्हणाला. "चाल त्याची, बोलणं त्याचं. दारू माझी, तो प्यायचा नाही. मग दुकानात लोक त्याला त्या नावानं हाका मारू लागले. त्यानं बाजारात अंगरखा घालून जाणं सोडलं. मला एका शब्दानं बोलला नाही. मारेत बोलली. मामाच्या अंगावरचा कपडा उतरवलास, म्हणाली."

"मग तुम्ही माफी मागितली?"

"मागायला गेलो होतो. उशीर झाला, मामाची मयतच होती. जेवायला बसल्यावर लांबचे पाव्हणे म्हणाले, एकदा कर ना तो." ऐलोनं खिडकीबाहेर पाहिलं. "मी केला. त्याच्या घरात."

मनातून फजलला क्षणभर हलकं वाटलं, की हाही आपल्यासारखाच, आणि तसं वाटल्याची लगेच दुसरी लाज वाटली.

विमानतळावर त्यानं बॅगा ट्रॉलीवर ठेवल्या. ऐलोनं हात पुढे केला. फजलनं दोन्ही हातांत धरला.

"पुसत फिरू नकोस," ऐलो म्हणाला. "पुसलं जात नाही. कुणी विचारलं तर एवढं सांग की ती कोण होती. ते मी कधी केलं नाही." आणि मान हलवून आत गेला. बूट वाळूत चालल्यासारखेच वाजत होते. फजलनं मुद्दाम दुसरीकडे बघितलं, चाल पुन्हा अंगात शिरेल म्हणून.

परत येताना गाडीतच मन्सूरचा फोन आला. मागे बायकापोरांचा कलकलाट. "फजलभाय, स्पीकरवर हायस. आमची भाची आलीय मुंबईहून, ऐकवतोस काय जरा? आमच्याकडं तर तूच पुसायला लावलास."

"मन्सूरभाय," फजल म्हणाला, "ती मारेत. त्या माणसाची सख्खी भैन. दोन वर्षं झाली, वारली. ते गाणं नव्हता, तीच होती ती. मी तिचा बोकड केला, तुमच्या घरात पण केला."

तिकडचा कलकलाट थांबला. कुणीतरी पोराला गप्प केलं. मन्सूरनं स्पीकर बंद केलेला कळला, कारण त्याचा आवाज जवळ आला.

"आरं मग आधी का नाय सांगितलास? आमी हसलो असतो काय?"

ठाव नव्हता, हे फजलच्या ओठांवर आलं होतं. ऐलोलाही त्यानं तेच सांगितलं होतं, आणि ऐलोनं ते मान्यही केलं होतं.

"नाव सांगितला होता त्यानं," फजल म्हणाला. "कुणाचा, ते मी विचारलाच नाय."